ज्या प्रार्थनेत मृत्यूचा शब्दही नाही : यहुदी बांधवांचे मृतस्मरण

नोव्हेंबर महिना ख्रिस्तसभेने मृतात्म्यांच्या स्मरणासाठी राखून ठेवला आहे. दोन तारखेला गावोगावच्या दफनभूमीत मिस्सा होते, कबरी स्वच्छ केल्या जातात, फुले वाहिली जातात, मेणबत्त्या लागतात. आणि पुढे महिनाभर आपापल्या घरातील दिवंगतांची नावे वेदीपाशी ठेवली जातात. ही प्रथा आली कोठून, असे कोणी विचारले तर आपण सहसा क्लुनी येथील मठाधिपती संत ओदिलो यांचे नाव घेतो. त्यांनी इसवी सन ९९८ च्या सुमारास आपल्या मठांसाठी २ नोव्हेंबर हा दिवस ठरवून दिला, हे खरे आहे. परंतु मृतांसाठी प्रार्थना करणे ही ओदिलोंच्या काळाहून फार जुनी गोष्ट आहे. तिचे मूळ प्रभू येशू ज्या लोकांत जन्मला त्या यहुदी लोकांत आहे, आणि ते लोक आजही आपल्या मृतांसाठी प्रार्थना करतात. महाराष्ट्रात तर ते आपल्या शेजारी राहून, आपलीच भाषा बोलत करतात.

पवित्र शास्त्रातील आधार आपल्या परिचयाचा आहे. मक्काबीच्या दुसऱ्या पुस्तकाच्या बाराव्या अध्यायात सेनापती यहुदा मक्काबी लढाईनंतर आपल्या मृत सैनिकांना पुरण्यासाठी परत येतो. पाहतो तो त्यांच्या अंगरख्यांखाली याम्नियाच्या मूर्तींचे ताईत सापडतात. नियमशास्त्राने निषिद्ध ठरवलेली ही गोष्ट. यहुदा त्या मृतांना टाकून देत नाही. तो वर्गणी गोळा करतो आणि त्यांच्या पापांबद्दल अर्पण करण्यासाठी दोन हजार चांदीची नाणी जेरुसलेमला पाठवतो. गंमत अशी की, हे पुस्तक आज यहुद्यांच्या पवित्र शास्त्रात नाही, ते ख्रिस्तसभेने जपले आहे. पुस्तक आपल्याकडे राहिले आणि त्यातील रीत दोघांकडे राहिली.

पुणे जिल्ह्याच्या पूर्वेकडील वाचकांना हा विषय दूरचा वाटण्याचा संभव आहे. अंथुर्णे, लासुर्णे, वालचंदनगर या पट्ट्यात ऊस, कालवा आणि साखर कारखाना यांची ओळख सर्वांना. यहुदी धर्माची ओळख असण्याचे कारण नाही. तरीही अंथुर्ण्याहून बारामतीमार्गे घरातील आजाऱ्याला पुण्यास घेऊन निघालेले कुटुंब पुष्कळदा ज्या दाराशी येऊन उभे राहते, त्या रुग्णालयाचे नाव एका यहुदी माणसाचे आहे. डेव्हिड ससून यांचा जन्म १७९२ साली बगदाद येथे झाला. तेथील जुलमाला कंटाळून ते मुंबईस आले, व्यापारात मोठे झाले आणि १८६४ साली पुण्यात वारले. त्यांच्या देणगीतून उभे राहिलेले रुग्णालय १८६७ साली सुरू झाले. पुणे कॅम्पातील लाल विटांचे उंच मनोऱ्याचे 'ओहेल डेव्हिड' हे सभास्थान, ज्याला पुणेकर 'लाल देऊळ' म्हणतात, तेही त्यांनीच उभारावयास घेतले होते. ते पुरे झालेले पाहणे त्यांच्या नशिबी नव्हते. त्याच आवारात त्यांची समाधी आहे. रुग्णालयात गर्दी असते. त्या समाधीपाशी मात्र फारसे कोणी जात नाही.

ससून कुटुंब बगदादी यहुद्यांपैकी. आपल्या अधिक जवळचे आहेत ते बेने इस्रायल, म्हणजे 'इस्राएलची लेकरे'. त्यांची परंपरा सांगते की, शेकडो वर्षांपूर्वी अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर त्यांच्या पूर्वजांचे गलबत फुटले. सात पुरुष व सात स्त्रिया एवढीच माणसे वाचली. बाकीच्यांची प्रेते समुद्राने किनाऱ्यावर आणून टाकली आणि ती नवगावातच पुरण्यात आली. कोणत्याही समाजाची उत्पत्तिकथा साधारणपणे राजा, विजय किंवा चमत्कार यांनी सुरू होते; या समाजाची कथा दफनाने सुरू होते. वाचलेल्या चौदा जणांनी पहिले काम केले ते आपल्या मृतांना माती देण्याचे. ती जागा समाजाने आजतागायत विसरलेली नाही. तेथे स्मारकस्तंभही उभारला आहे.

ही मंडळी कोकणातील गावोगावी पसरली, तेलाचा घाणा चालवू लागली, शनिवारी घाणा बंद ठेवू लागली, म्हणून लोक त्यांना 'शनवार तेली' म्हणू लागले. पेणकर, किहीमकर, दिवेकर, रोहेकर, अष्टमकर, झिराडकर अशी गावांवरून आडनावे पडली. सण मराठी नावांनी साजरे होऊ लागले. प्रायश्चित्ताचा थोर दिवस, योम किप्पूर, हा 'दार फळणीचा सण' झाला, कारण त्या दिवशी दारे लावून, पांढरी वस्त्रे नेसून, उपवास करून घरात बसायचे. धर्मग्रंथ मात्र हरवले होते. हिब्रू भाषा विसरली होती. सुंता, शब्बाथ, खाण्यापिण्याचे नियम आणि एकच प्रार्थना एवढे शिल्लक उरले होते. ती प्रार्थना म्हणजे 'शेमा', परमेश्वर एकच आहे अशी इस्राएलला दिलेली घोषणा. सर्वांत मोठी आज्ञा कोणती असे विचारले गेले तेव्हा प्रभू येशूने प्रथम उच्चारली तीच ही.

लग्न असो, सुंता असो की मयत असो, बेने इस्रायल शेमाच म्हणत. आम्हांला ही गोष्ट फार हृदयस्पर्शी वाटते. पिढ्यानपिढ्या कोकणातल्या त्या माणसांनी आपल्या आईवडिलांना मातीत ठेवताना शोकाचा एकही विधिवत् शब्द उच्चारला नाही, कारण तो त्यांना ठाऊकच नव्हता. देव एक आहे, एवढेच ते म्हणत.

पुढे दिवस पालटले. सामाजी हसाजी दिवेकर या कंपनी सरकारच्या फौजेतील देशी अधिकाऱ्याने १७९६ साली मुंबईत बेने इस्रायलांचे पहिले सभास्थान बांधले. त्याचे नाव 'शाअर हा-रहामीम', म्हणजे दयेचे द्वार. (मशीद बंदर हे नाव याच वास्तूवरून पडले असे सांगितले जाते, बेने इस्रायल सभास्थानाला मशीदच म्हणत.) एकोणिसाव्या शतकात कोचीनचे यहुदी शिक्षक कोकणात व मुंबईत आले. स्कॉटिश मिशनरी डॉ. जॉन विल्सन यांनी मराठीतून हिब्रू व्याकरण लिहिले, ते १८३२ साली छापले गेले. मिशनऱ्यांचा हेतू धर्मांतराचा होता. परिणाम असा झाला की समाज आपल्याच धर्माचे ग्रंथ वाचू लागला. नंतर जोसेफ इझिकेल राजपूरकर (१८३४-१९०५) यांनी हिब्रू प्रार्थनापुस्तके मराठीत आणली. अशा रीतीने शेकडो वर्षांनी बेने इस्रायलांच्या कबरीपाशी शेमाच्या जोडीला 'कद्दीश' ऐकू येऊ लागली.

कद्दीश या शब्दाचा अर्थ 'पवित्र'. जगभरातील यहुदी मृतांसाठी जी प्रार्थना म्हणतात ती हीच. परंतु प्रथमच तिचा अर्थ समजून घेणारा ख्रिस्ती माणूस चकित होतो. तिच्यात मृताचे नाव नाही. मृत्यूचा उल्लेख नाही. आत्मा, कबर, शोक यांपैकी काहीही नाही. पहिल्या वाक्यापासून देवाच्या नावाचा महिमा वाढो, ते पवित्र मानले जावो आणि त्याचे राज्य लवकर, आमच्या डोळ्यांदेखत येवो, एवढेच मागणे आहे. मग स्तुतीमागून स्तुतीचे शब्द येतात, आणि सर्व स्तुती त्या नावाला अपुरीच पडते अशी कबुली येते. शेवटी शांतीची याचना. भाषा बहुतांशी अरामी आहे. त्या काळच्या साध्या माणसांची, आणि प्रभू येशूच्या घरची. प्रभूने शिष्यांना शिकवलेल्या प्रार्थनेच्या आरंभीही नाम पवित्र होण्याची व राज्य येण्याचीच मागणी आहे, हे वाचकांच्या ध्यानी आलेच असेल. दोन्ही प्रार्थना एकाच मातीतल्या आहेत, असे अभ्यासक मानतात.

मग शोकात बुडालेल्या माणसाच्या तोंडी ही प्रार्थना का? कारण याच क्षणी देवाची स्तुती करणे सर्वांत कठीण असते. ज्याचा बाप काल वारला त्याला कोणी, देवाकडे बापासाठी काय मागायचे ते माग, असे सांगत नाही. सभेत उभा राहा आणि देव थोर आहे असे म्हण, असे सांगितले जाते. रब्बींच्या परंपरेत रब्बी अकीबा यांची एक कथा आहे. त्यांना पाठीवर लाकडांचा भारा घेऊन धावणारा एक मृत मनुष्य भेटतो. आपल्या दुष्कृत्यांची शिक्षा भोगत असलेल्या त्या माणसाचा मुलगा मागे राहिलेला असतो, त्याला कोणी काही शिकवलेले नसते. अकीबा त्या मुलाला शोधून काढतात, शिकवतात, सभेत उभा करतात. मुलाने देवाची स्तुती केली आणि सभेने प्रतिसाद दिला, तेव्हा बापाची सुटका झाली. मुलाने बापासाठी रदबदली केली नाही. बापाच्या पश्चात देवाचे नाव घेणारे एक तोंड जगात शिल्लक आहे, एवढे त्याने दाखवले.

प्रतिसाद हा शब्द येथे महत्त्वाचा. कद्दीश एकट्याने म्हणता येत नाही. दहा प्रौढांची सभा, जिला 'मिन्यान' म्हणतात, जमल्याशिवाय ती उच्चारायचीच नाही असा नियम आहे. परंपरानिष्ठ सभास्थानांत तेरा वर्षांवरील दहा पुरुष मोजले जातात. सुधारणावादी पंथांत स्त्रियांनाही मोजतात. सदोमसाठी रदबदली करताना अब्राहाम पन्नासांवरून उतरत दहांवर येऊन थांबला, हे आपल्याला आठवत असेल. दोघे-तिघे माझ्या नावाने जमतील तेथे मी असेन, असा आपल्या प्रभूचा शब्द आहे, त्यामुळे दहाचा हा हिशेब आपल्याला कडक वाटू शकतो. पण त्याची दुसरी बाजू पाहावी. ज्याच्या घरी मयत झाली आहे त्याला घरात कोंडून घेण्याची मोकळीक हा नियम देत नाही, आणि शेजाऱ्यांनाही 'आम्हांला काय त्याचे' म्हणण्याची मोकळीक देत नाही. दररोज दहावा माणूस कोणी तरी व्हावेच लागते.

आईवडिलांसाठी मुलगा ही प्रार्थना अकरा महिने म्हणतो. अकराच का? प्राचीन रब्बींच्या शिकवणुकीत दुष्टांची शुद्धीची शिक्षाही बारा महिन्यांपलीकडे जात नाही. पूर्ण बारा महिने कद्दीश म्हटली तर आपला बाप त्या दुष्टांत मोडत होता असे मुलानेच कबूल केल्यासारखे होईल. म्हणून एक महिना आधी थांबायचे. धर्मशास्त्रात इतकी नाजूक माया क्वचितच आढळते. आपल्या शुद्धिस्थानाच्या शिकवणीशी या विचाराचे नाते दिसते, पण दोन्ही एकच आहेत असे म्हणणे घाईचे ठरेल. यहुदी धर्माने या बाबतीत ख्रिस्तसभेप्रमाणे बंधनकारक सिद्धान्त केलेला नाही.

नाव घेऊन करावयाच्या प्रार्थना वेगळ्या आहेत. बेने इस्रायल व बगदादी यहुदी सेफार्दी पद्धतीने उपासना करतात. त्यांच्याकडील मृतस्मरणाच्या प्रार्थनेला 'हश्काबा' म्हणतात, म्हणजे विसाव्यास ठेवणे. तिच्यात मृताचे नाव येते आणि देवाच्या पंखांखाली त्याला विश्रांती लाभावी असे मागितले जाते. अनेक ठिकाणी स्त्रीसाठी म्हटल्या जाणाऱ्या हश्काबेचा आरंभ नीतिसूत्रांच्या शेवटच्या अध्यायातील सद्गुणी स्त्रीच्या स्तुतीने होतो. दिवसभर राबलेल्या कोकणी माउलीला तो किती शोभत असेल! व्यवहारात ज्याला सामाजी हसाजी म्हणत, त्याचे हिब्रू नाव शमुवेल, यहेज्केलाचा पुत्र. अशा समाजात माणसाचे शास्त्रातले नाव प्रार्थनेत त्याला परत मिळते. नावाबरोबर दानधर्मही होतो, हे विसरू नये. मृताच्या नावे काही द्यायचे आणि मग त्याचे स्मरण करायचे, ही यहुदा मक्काबीच्या वर्गणीचीच रीत आहे. आपल्याकडे मिस्सेसाठी नाव लिहून दिले की काम झाले असे अनेकांना वाटते. गरिबाच्या ताटात त्या दिवशी काही पडले का, हेही विचारावयास हवे असे आम्हांला वाटते.

युरोपातील अश्केनाझी यहुद्यांकडे 'यिज्कोर' आणि 'एल मालेह रहामीम' या प्रार्थना आहेत. यिज्कोर वर्षातून चार वेळा, मोठ्या सणांना होते. तेव्हा ज्यांचे आईवडील हयात आहेत ते पुष्कळ ठिकाणी सभास्थानाबाहेर जातात. यिज्कोर या शब्दाचा अर्थ 'तो आठवण ठेवो'. स्मरण करणारा तेथे देव आहे. माणूस विसरणारच, हे गृहीत धरले आहे. आपल्या मिस्सातील मुख्य प्रार्थनेतही मृतांची आठवण ठेव असे आपण परमेश्वरालाच विनवतो.

या प्रार्थनांच्या इतिहासात एक पान असे आहे जे ख्रिस्ती लेखकाने वगळू नये. १०९६ साली पहिल्या धर्मयुद्धास निघालेल्या, छातीवर क्रूस लावलेल्या टोळ्यांनी ऱ्हाइन नदीकाठच्या वर्म्स व माइन्झ या नगरांतील यहुद्यांची कत्तल केली. श्पायरच्या बिशपांनी आपल्या नगरातील बहुतेकांना वाचवले; इतरत्र ते घडले नाही. मारल्या गेलेल्यांच्या नावांच्या याद्या सभास्थानांत वाचल्या जाऊ लागल्या. शोक करणाऱ्याने कद्दीश म्हणण्याची चालही त्या प्रदेशात पुढच्या शतकांत रूढ झाली. म्हणजे या प्रार्थनांना आज जे रूप आहे ते काही अंशी आपल्या धर्मबांधवांच्या हातून सांडलेल्या रक्ताने आले आहे. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने २८ ऑक्टोबर १९६५ रोजी 'नोस्त्रा एताते' हा जाहीरनामा काढून यहुदीद्वेषाचा धिक्कार केला. पोप जॉन पॉल दुसरे १३ एप्रिल १९८६ रोजी रोमच्या सभास्थानात गेले. हे आपल्या आठवणीतले आहे; १०९६ मात्र यहुद्यांच्या आठवणीतले आहे. कोकणच्या बेने इस्रायलांना त्यांच्या मराठी शेजाऱ्यांकडून असा छळ कधी सोसावा लागला नाही, असे ते स्वतः अभिमानाने सांगतात.

पॅरिसचे आर्चबिशप कार्डिनल जाँ-मारी लुस्तिजे हे जन्माने यहुदी. १९४० साली, कोवळ्या वयात त्यांनी बाप्तिस्मा घेतला. त्यांच्या आईला नाझींनी आउश्वित्स येथे ठार केले. कार्डिनल महोदय ऑगस्ट २००७ मध्ये वारले. अंत्यविधीच्या दिवशी नोत्र-दाम कॅथेड्रलच्या दारासमोर त्यांच्या यहुदी नातलगांनी कद्दीश म्हटली आणि त्यानंतर आत मिस्सा झाली. दोन्ही प्रार्थना एकमेकींत मिसळल्या नाहीत. एक दाराबाहेर झाली, एक दाराच्या आत. हे आम्हांला अतिशय योग्य वाटते. अलीकडे काही ख्रिस्ती प्रार्थनासभांत हौसेने हिब्रू शब्द म्हटले जातात. दुसऱ्याच्या घरच्या शोकाचे शब्द सजावटीसाठी उचलू नयेत.

आपल्या महाराष्ट्रात प्रश्न निराळाच उभा आहे. १९४८ साली इस्राएल राष्ट्र स्थापन झाल्यावर बेने इस्रायल कुटुंबे मोठ्या संख्येने तिकडे गेली. लोद, दिमोना, अश्दोद या गावांतून मराठी बोलली जाऊ लागली, 'मायबोली' नावाचे मराठी नियतकालिक निघाले. मागे राहिलेले थोडे. २०११ च्या जनगणनेत साऱ्या भारतातील यहुद्यांची संख्या पाच हजारांच्याही आत होती. मुंबई-ठाण्यात अजून सभा भरते. पुण्यात लाल देवळाखेरीज रास्ता पेठेत १९२१ साली बांधलेले बेने इस्रायलांचे 'सुक्कथ शेलोमो' सभास्थान आहे. अलिबाग, पनवेल, रेवदंडा येथील वास्तूही उभ्या आहेत. परंतु कोकणातल्या गावात जेथे एक-दोन घरे उरली, तेथे एखाद्या म्हाताऱ्याचा मृत्यू झाला की दहा पुरुष आणायचे कोठून? मुंबईहून, ठाण्याहून माणसे येईपर्यंत कद्दीश थांबते. आणि अकरा महिने दररोज दहा माणसे कोण आणणार? मग मुलगा शहरातल्या सभास्थानी जातो, किंवा इस्राएलमधला भाऊ तिकडच्या सभेत बापासाठी उभा राहतो. दोनही जमले नाही तर उरतो तो शेमा, जो एकट्यानेही म्हणता येतो. शेकडो वर्षे कोकणाने ज्याच्यावर निभावले तोच.

आपल्यापैकी कोणाला यहुदी शेजाऱ्याच्या किंवा सहकाऱ्याच्या घरी दुःखाच्या प्रसंगी जाण्याची वेळ आली, तर काही गोष्टी माहीत असाव्यात. यहुद्यांमध्ये दहन नाही, दफन आहे, आणि ते शक्य तितक्या लवकर करतात. त्यामुळे निरोप मिळताच निघावे. सभास्थानात व दफनभूमीत पुरुषांनी डोके झाकायचे असते. सात दिवस घरचे लोक खाली बसतात, कामधंदा करीत नाहीत. त्या दिवसांत भेटीस जावे आणि त्यांनी बोलायला सुरुवात केल्याशिवाय आपण बोलू नये. जेवण बाहेरून नेण्याची रीत आहे, पण त्यांचे खाण्याचे नियम आधी विचारून घ्यावेत. कद्दीश सुरू झाली की उभे राहावे. सभा 'आमेन' म्हणेल तेव्हा आपणही म्हणावे. तो शब्द आपण त्यांच्याकडूनच घेतला आहे. दहांच्या मोजणीत आपली गणना होणार नाही, याचे वाईट वाटून घेऊ नये. कबरीवर फुलांऐवजी लहानसा दगड ठेवण्याची चाल पुष्कळ ठिकाणी आहे, ती पाहून तसे करावे. दफनभूमीतून निघताना हात धुतात; पाण्याचे भांडे बहुधा फाटकाजवळच ठेवलेले असते.